श्वाल्बेची हरवलेली फीत

१

पडद्यावर जळती वायुनौका दिसायची होती. तिच्याऐवजी एक बाई दिसली. तिचे ओठ पांढरे होते, दात काळेकुट्ट, आणि हातातली दंतमंजनाची डबी नाचवत ती थेटरातल्या सगळ्यांकडे पाहून हसत होती.

"हे काय आहे?" न्यायाधीश ओर्टलीब खुर्चीतून अर्धवट उठले. "बंद करा ते! दिवे लावा!"

दिवे लागले. आल्टेनहोर्नच्या त्या थेटरात शुक्रवारी सकाळी मोजकीच माणसं होती, आणि सगळी एकमेकांची तोंडं पाहत होती.

गेल्या ऑक्टोबरात 'श्वाल्बे' नावाची वायुनौका याच गावच्या मैदानावर उतरता उतरता पेटली होती. बावीस माणसं गेली. बर्लिनच्या एका बातमीपट कंपनीचा कॅमेरा तेव्हा मैदानातच उभा होता. आठवड्याभरात साऱ्या जर्मनीने ती आग पडद्यावर पाहिली. शेपटीकडच्या इंजिनाच्या खोलीतून कास्पर आन्सोर्गे नावाचा मेकॅनिक इशाऱ्याचं पिस्तूल झाडतो आणि पुढच्याच क्षणी नौकेचा वणवा होतो. वर निवेदकाचा तो भरदार आवाज: 'एका माणसाचा एक निष्काळजी क्षण!' हे वाक्य लोकांना तोंडपाठ झालं. कास्पर त्या आगीतच मेला, त्यामुळे उलट उत्तर द्यायला कोणी उरलं नाही.

चौकशी मात्र रेंगाळत एप्रिलपर्यंत आली. शेवटी न्यायाधीशांनी हुकूम काढला, की काटछाट केलेली प्रत नको, कॅमेऱ्यातून निघालेली मूळ फीत आणा. मूळ फितीवर पांढऱ्याचं काळं आणि काळ्याचं पांढरं दिसतं, तसंच पाहू. बर्लिनहून फीत आली. असली फीत ठिणगीनेसुद्धा भडकते, म्हणून कचेरीत न ठेवता ती थेटराच्या लोखंडी कपाटात ठेवली. आणि आज डब्यातून ही काळ्या दातांची बाई निघाली.

"चोरी!" मागून आवाज आला. तो आवाज ओळखायला मान वळवावी लागत नव्हती. निवेदक आणि बातमीपट कंपनीचा प्रमुख एगोन फाल्केनराथ उभा होता. "न्यायाधीश महाराज, मी आज सकाळच्या गाडीने आलो. पण गावात ऐकलं ते सांगतो, काल या थेटराच्या मागच्या दाराशी कोण घोटाळत होतं, ते विचारा या बाईंना!"

त्याचं बोट क्लोटिल्डे आन्सोर्गेकडे होतं. ती कास्परची थोरली बहीण. अंगावर काळा कोट, मांडीवर पिशवी. 

"बोट खाली घ्या," शेजारची बाई म्हणाली. ती अगाथे मूरहार्ट, क्लोटिल्डेची वकील. तिला एका जागी बसणं जमत नसे. कोर्टातही ती येरझारा घाले आणि न्यायाधीश तिला ओरडत. आताही ती उठून डब्यापाशी पोचली होती. कपाटाचं कुलूप शाबूत. फाल्केनराथने बर्लिनला स्वतः लावलेलं डब्यावरचं शिशाचं सील न्यायाधीशांनी सगळ्यांसमोर आत्ताच तोडलं होतं.

"काल या कपाटाच्या खोलीत कोण कोण गेलं होतं?" तिने विचारलं.

नावं तीन निघाली. बर्लिनहून डबा घेऊन आलेली, फिती कापण्या-जोडण्याचं काम करणारी इर्मगार्ड पोल. नौकेचे रचनाकार डॉक्टर स्ट्रेक. आणि क्लोटिल्डे.

"उद्या दुपारपर्यंत फीत आली तर ठीक," न्यायाधीश म्हणाले. "नाहीतर जी फीत सगळ्यांनी पाहिली आहे, तिच्यावरच निकाल देईन. परवा नवी वायुनौका 'लेर्खे' पहिले उतारू घेऊन उडणार आहे. लोकांना गेल्या खेपेचं कारण कळलंच पाहिजे."

अगाथे तरातरा बाहेर आली. मागच्या अंगणात बोचरा पाऊस भुरभुरत होता. भिंतीला टेकून इर्मगार्ड पोल सिगारेट ओढत होती. थंडीने तिचे दात वाजत होते.

"आत जा की," अगाथे म्हणाली. "गारठून जाल."

"मला बाहेरच बरं वाटतं," इर्मगार्ड म्हणाली आणि तिने तोंड फिरवलं.

२

"मी गेले होते. नाही कशाला म्हणू?" क्लोटिल्डे कांदे चिरत होती. घरात पाहुणी आली की काहीतरी भट्टीत घातलंच पाहिजे, मग जग बुडो. "त्या मशीनवाल्याला म्हटलं, बाबा, आगीचं नको दाखवू. त्याच्याआधीचा तुकडा असेल ना, त्यात आमचा कास्पर जिवंत असेल. तेवढाच दाखव. तो म्हणाला, परवानगी नाही."

"थेटरातली फीत पाहिली नाहीत?"

"सगळ्या देशाने पाहिली. मी नाही पाहिली." सुरी थांबली. "भाऊ जळताना पाहायला तिकीट काढू? लोक सांगतात तेवढं पुरे आहे. बाजारात गेले की पोरं 'गांधीलमाशी, गांधीलमाशी' करतात. त्याचा तो मफलर, पिवळ्या-काळ्या पट्ट्यांचा. पडद्यावर फडफडताना दिसतो म्हणे."

अगाथेलाही तो आठवत होता. ती फीत तिने श्टुटगार्टमध्ये पाहिली होती आणि सगळ्यांसारखीच रडली होती. पिस्तूल धरलेला हात आणि गळ्याशी वाऱ्यात फडफडणारे ते पट्टे कोणी विसरूच शकत नव्हतं.

"पण कास्पर तसा नव्हता हो," क्लोटिल्डे म्हणाली. "इतका जपून वागायचा, की शिंकसुद्धा परवानगी काढून यायची त्याला. नौकेवर चढताना खिशातल्या काड्या माझ्याकडे देऊन जायचा. वडील गेल्यावर मी वाढवलाय त्याला. मला माहीत नाही?"

अगाथे उठून स्वयंपाकघरात फेऱ्या मारू लागली. चुलीपासून दारापर्यंत, दारापासून चुलीपर्यंत. दारापाशी ती एकदम थांबली. खुंटीवर, जुन्या कोटाखालून, लोकरीचं एक टोक लोंबत होतं. पिवळं-काळं.

"हा काय दुसरा मफलर आहे?"

"दुसरा कुठला? एकच विणला होता मी. तोच तो."

"मग तो इथे कसा? त्या दिवशी विसरला होता घरी?"

"विसरला नाही, नको म्हणाला. एरवी त्याच्याशिवाय पाऊल टाकायचा नाही, नौकेच्या मागच्या खोलीत वारा असा झोंबायचा. पण त्या दिवशी म्हणाला, 'ताई, आता मागे वारा लागतच नाही, चुलीपुढे बसल्यासारखं वाटतं.'" क्लोटिल्डेने डोळे पुसले. "का हो? असं का बघताय?"

 त्या दिवशी मफलर या खुंटीवर होता. मग पडद्यावर फडफडला तो कुठल्या दिवशी?

३

"आता तपासायचं काही उरलेलं नाही, वकीलबाई." डॉक्टर वेंडेलिन स्ट्रेक उंच, वाकलेले, झोप उडालेल्या माणसासारखे दिसत होते. ते दोघं भल्या मोठ्या शेडमध्ये उभे होते आणि डोक्यावर 'लेर्खे'चं चंदेरी पोट तरंगत होतं. "पिस्तुलाची ठिणगी आणि वर हायड्रोजन. संपलं. या नौकेवर आता पिस्तूलच ठेवलेलं नाही."

"मग काल फीत पाहायला का धावलात?"

स्ट्रेक खालच्या आवाजात म्हणाले, "एक गोष्ट सलते. इशाऱ्याची गोळी बाहेर आणि खाली सुटते, गॅस मात्र वर असतो. दोघांची गाठ पडली कशी? पिस्तुलाच्या आधीचं दृश्य पाहिलं असतं, तर शंका फिटली असती. पण डबा सीलबंद होता, मी हात लावला नाही."

"ही शंका चौकशीत बोललात?"

"पहिल्या आठवड्यात मी चार-पाच कारणं मांडायला घेतली होती. मग ती फीत आली. बाई, डोळ्यांनी दिसल्यावर गणित कोण करतो?"

अगाथे 'लेर्खे'च्या शेपटीकडे चालू लागली. स्ट्रेकना तिच्यामागे जवळजवळ पळावं लागलं.

"कास्पर बहिणीला म्हणाला होता, मागच्या खोलीत वारा लागत नाही. असं कशाने होईल?"

"आडोशामुळे," स्ट्रेक सहज म्हणाले. "तो बघा."

इंजिनाच्या खोलीपुढे एक चकचकीत पत्रा उभा बसवला होता, दुकानाच्या फळीसारखा.

"बातमीपटवाल्यांनी मागितला होता. त्यांना मागच्या खोलीतून उतरतानाचं चित्रण करायचं होतं आणि वाऱ्याने कॅमेरा थरथरायचा. मालकांना प्रसिद्धी हवीच होती. शेवटच्या उड्डाणाच्या आदल्या दिवशी बसवला, ढगाळ हवेत एक चाचणी फेरीही मारली. कॅमेरावाला मात्र ऐन वेळी मैदानातच थांबला, म्हणून वाचला."

"आणि या नौकेवरही बसवलात?"

"का नको? परवा ते पुन्हा चित्रण करणार आहेत. शिवाय मेकॅनिकांना ऊब मिळते."

अगाथेला यंत्रातलं काही कळत नव्हतं. पण एवढं तिला जुळवता आलं: एक वस्तू नवी आली, दुसऱ्या दिवशी नौका जळली, आणि त्या वस्तूचं नावही कोणी काढलं नाही, कारण सगळे पिस्तुलाकडे बघत होते.

ती बोलायला तोंड उघडणार, तोच शेडचा पहारेकरी सायंकाळचं वर्तमानपत्र फडकवत आला. शाई ओली होती. वर ठळक अक्षरं: 'पिस्तुलवाल्याच्या बहिणीने पुरावा पळवला?'

"वकीलबाई, पळा," पहारेकरी म्हणाला. "आन्सोर्गेबाईच्या दारात माणसं जमलीत. दगड घेऊन."

४

दगड एकच पडला, आणि तो कांद्याच्या पोळीवर. क्लोटिल्डे फुटलेल्या काचा गोळा करत होती. अगाथे पोचली तोवर पोलीस शिपायाने गर्दी पांगवली होती. पण लोक लांब गेले नव्हते. कोपऱ्यावर उभे राहून घराकडे बघत होते.

"आता खरं सांगा," क्लोटिल्डे म्हणाली. "लोकांना ते आवडतं का, की तोच दोषी असावा?"

 तिने क्लोटिल्डेला शेजारणीकडे पोचवलं आणि सरोवराच्या काठाने चालत सुटली. चालल्याशिवाय तिचं डोकं चालत नसे.

कुलूप शाबूत. सील शाबूत. फाल्केनराथ म्हणेल, सील नवं ओतता येतं. पण क्लोटिल्डेने सील ओतायचं, डबा बदलायचा, आणि वर दंतमंजनाच्या जाहिरातीची मूळ फीत कुठून पैदा करायची? आल्टेनहोर्नच्या बाजारात अशी फीत मिळते का? मूळ फिती बर्लिनला, कंपनीच्या कोठारात असतात. म्हणजे अदलाबदल इथे झालीच नाही. जी फीत गावात आलीच नाही, ती गावातून कोण चोरणार?

सील कोणी लावलं? फाल्केनराथने. डबा कोणी आणला? इर्मगार्ड पोलने.

इर्मगार्ड उतरली होती त्या अतिथीगृहापाशी ती आली तेव्हा इर्मगार्ड पुन्हा अंगणात होती, ओल्या बाकावर, हातात सिगारेट. अगाथे आधी आत मालकीणबाईंशी बोलून आली, मग तिच्यासमोर उभी राहिली.

"खोलीत शेगडी आहे, राखदाणी आहे. मालकीणबाईंना विचारलं मी. त्या म्हणाल्या, ही पाहुणी आल्यापासून शेगडी पेटवू देत नाही. दिवसभर सिगारेट ओढणारी बाई दर वेळी जिना उतरून पावसात का येते, कुमारी पोल?"

इर्मगार्डने सिगारेट विझवली.

"तुमच्या खोलीत असं काहीतरी आहे, ज्याच्याजवळ ठिणगी नेता येत नाही," अगाथे म्हणाली. "ती फीत तुमच्याकडे आहे."



"जाळून टाक म्हणाले होते फाल्केनराथसाहेब," इर्मगार्ड म्हणाली. "सील लावताना त्यांनी आत जाहिरात भरली आणि खरी फीत माझ्या हातात दिली. म्हणाले, कोठाराच्या मागे नेऊन काडी लाव, मग गाडीत बस. मला नाही जमलं, बाई. बावीस माणसं जळताना मी त्या फितीवर पाहिलीत, पुन्हापुन्हा, कात्री हातात घेऊन. आता आणखी काय जाळू?"

"पिस्तुलाचं दृश्य त्या दिवशीचं नाही ना?"

"उन्हाळ्यातल्या जत्रेचं आहे. कास्परने लोकांना पिस्तुलातून सलामी दिली होती, हिरव्या शोभेच्या दारूची. मी म्हटलं, साहेब, हे दुसऱ्या दिवसाचं आहे. ते म्हणाले, 'पोरी, प्रेक्षकाला कारण नको असतं, चेहरा हवा असतो. जोड.'" तिने मान खाली घातली. "मी जोडलं. आधीचा तुकडा कापला आणि ते तिथे जोडलं."

"कापलेल्या तुकड्यात काय होतं?"

"मला कळलं नाही. आग लागते, पण कास्पर दिसत नाही. एक पत्रा दिसतो, बस."

५

शनिवारी सकाळी थेटर गच्च भरलं. वर्तमानपत्रवाले भिंतीला लागून उभे होते. अगाथेने डबा मशीनवाल्याच्या हाती दिला, तेव्हा फाल्केनराथचा चेहरा क्षणभर पुसल्यासारखा झाला. मग त्याने आवाज चढवला.

"महाराज, ही फीत कुठून आली? हिची खात्री काय?"

"तुमच्याच कंपनीच्या खुणा आहेत काठावर," न्यायाधीश म्हणाले. "आणि कुमारी पोलनी सकाळी माझ्यापुढे शपथेवर जबाब दिला आहे. बसा खाली."

अंधार झाला.

पडद्यावर काळं आकाश आलं. त्यात फिकट राखाडी नौका हळूहळू खाली येत होती. तिच्या शेपटीखाली, इंजिनाच्या खोलीपुढे, एक काळाकुट्ट चौकोन ठसठशीत दिसत होता. तो चकचकीत पत्रा. साध्या प्रतीत तो नौकेच्या चंदेरी अंगात मिसळून गेला असता, इथे डोळ्यांत खुपत होता. खोलीच्या खिडकीत कोणी नव्हतं. पिस्तूल नव्हतं. मफलर नव्हता.

मग त्या चौकोनामागून एक काळी जीभ निघाली. ती खालून वर गेली, पोटाला भिडली, आणि दुधासारखा पांढरा धूर पडदाभर पसरला.

कोणीतरी हुंदका दिला. आणि एक माणूस उठून पडद्याकडे चालू लागला. त्याची सावली जळत्या नौकेवर पडली. डॉक्टर स्ट्रेक.

"पुन्हा लावा," ते म्हणाले.

पुन्हा लावली.

"इथे थांबवा."

"थांबवली तर पेटेल, साहेब!" मशीनवाला वरून ओरडला.

"मग पुन्हा लावा. पुन्हा लावा!"

तिसऱ्यांदा ती जीभ पत्र्यामागून निघाली तेव्हा स्ट्रेक मटकन पडद्यासमोरच्या पायरीवर बसले. दिवे लागले. त्यांचा चेहरा राखेसारखा झाला होता.

"त्या दिवशी उतरताना ऊन पडलं होतं," ते बोलू लागले. न्यायाधीशांशी नव्हे, स्वतःशीच. "ऊन पडलं की गॅस फुगतो. नौका एकदम वर उचलली, आणि जादा गॅस झडपांतून बाहेर पडला. तो रोजच पडतो. त्यात भिण्यासारखं नाही, समोरचा वारा त्याला मागे उडवून नेतो. पण आडोशामागे वारा नसतो. तिथे पोकळी तयार होते, आणि पोकळी ओढते. तिने गॅस खाली ओढला, सरळ तापलेल्या इंजिनाच्या तोंडाशी." त्यांनी दोन्ही हातांनी डोकं धरलं. "कास्परला ऊब वाटत होती, ती याचीच. साधी गोष्ट होती. कागद घेऊन बसलो असतो तर..."

"तर काय, डॉक्टर?" अगाथेने हळूच विचारलं. "का नाही बसलात?"

"मला वाटलं, मी पाहिलंय."

आणि मग ते ताडकन उठले. "उद्या! उद्याही ऊन आहे!" खुर्च्यांना अडखळत, माणसांना बाजूला सारत ते तिकिटाच्या खिडकीतल्या टेलिफोनकडे धावले. "शेडला जोडा! लेर्खे बाहेर काढू नका! मालकांना सांगा, मी सांगतोय म्हणून! पत्रा उतरवा... नाही, आधी गॅस सोडा! ऐकताय का?"

 फाल्केनराथ अजून उभाच होता.

"मी कारण लपवलं नाही," तो म्हणाला. पहिल्यांदाच त्याचा आवाज बारीक वाटला. "मला कारण माहीतच नव्हतं. देवाशपथ! मी फक्त एक चित्र जोडलं. पडद्यावर नुसती आग होती, लोकांना काही समजलं नसतं."

"नसतंच समजलं," अगाथे म्हणाली. "आणि ज्याला समजत नाही तो विचारत बसतो. तुम्ही सगळ्यांचं विचारणंच बंद केलंत, फाल्केनराथसाहेब. डॉक्टरांचंसुद्धा. उद्या उतारू घेऊन तोच पत्रा वर जाणार होता, आणि त्याच्यामागे तुमचाच कॅमेरावाला बसणार होता."

 फाल्केनराथचं लक्ष क्लोटिल्डेकडे गेलं. ती उठून त्याच्यासमोर आली होती.

"मला तो जत्रेतला तुकडा द्या," ती म्हणाली. "तुमच्या कामाचा आता नाही तो. त्यात तो हसतोय, असं ती फीत जोडणारी मुलगी सांगते."

त्याने होकाराची मान हलवली. न्यायाधीशांनी दोन पोलिसांना खूण केली.

६

रविवारी लख्ख ऊन पडलं. मैदानाच्या कुंपणाबाहेर सगळा मुलूख लोटला होता. सॉसेजवाले, फुगेवाले, ठेवणीतल्या कपड्यांतली कुटुंबं. शेडची दारं मात्र बंद होती आणि त्यांच्यावर कागद डकवला होता: उड्डाण रद्द.

वर्तमानपत्रांत कास्परचं नाव आलं होतं, पण आतल्या पानावर, हवामानाच्या खाली. पहिल्या पानावर पोलिसांच्या मधून चालणारा फाल्केनराथ होता. अगाथे क्लोटिल्डेबरोबर कुंपणाच्या कडेने चालली होती. समोरून दोन पोरं गुणगुणत गेली, 'एका माणसाचा एक निष्काळजी क्षण!' आणि एकाने दुसऱ्यावर बोट रोखून पिस्तूल झाडलं. क्लोटिल्डेचं पाऊल अडलं.

"जाईल हो हे," अगाथे म्हणाली. "हळूहळू."

"नाही जाणार," क्लोटिल्डे म्हणाली. "पण आता मला माहीत आहे, आणि तुम्हाला. तोंडपाठ होण्यासारखं वाक्य आपल्याकडे नाही, एवढंच." ती त्या पोरांच्या मागे गेली. एकाला खांद्याला धरून तिने काय सांगितलं ते अगाथेला ऐकू आलं नाही. पोरगा मान वर करून ऐकत होता, हे दिसलं.

फाटकापाशी नव्या बातमीपटवाल्याने तिवई लावली होती. तो शेडकडे बघून वैतागला, मग कॅमेरा पेटीत घालू लागला.

"काढत नाही काही?" अगाथेने विचारलं.

"काय काढू? काही झालंच नाही."

तेवढ्यात तिच्या कोटाची बाही कोणीतरी ओढली. ठसठशीत टोपी घातलेली, घामाघूम झालेली एक बाई होती. मागे नवरा, आणि त्याच्या खांद्यावर पेंगुळलेली लेक.

"तुम्हीच का हो त्या वकीलबाई? आम्ही उल्महून आलो! वर्षभर पैसे साठवून तिकिटं काढली होती, तिघांची! पोरीला नवे बूट घेतले आकाशात जायचं म्हणून! तुमच्यामुळे आमचा रविवार वाया गेला!"

अगाथेने त्या लेकीकडे पाहिलं. उन्हाने तिचे गाल लाल झाले होते. बापाच्या खांद्यावरून लोंबणारा एक नवाकोरा बूट तिच्या पायातून निसटायला आला होता. अगाथेने तो नीट वर सरकवला.

"हो," ती म्हणाली, "माझ्यामुळेच."